थिरावणी

माघ सरत आला तेव्हा वासंती तान्ह्या बापूला घेऊन धारहून देवासला परत निघाली. बाळंतपणाला माहेरी गेलेली लेक तिसऱ्या महिन्यात सासरी धाडायची हा रिवाज. पण अक्कानं, म्हणजे वासंतीच्या आईनं, या ना त्या निमित्तानं तिचं जाणं लांबवलं होतं. कधी बापूला पडसं, कधी अवस, कधी गाडीचा बैल लंगडतोय. शेवटी नीलकंठाचं, तिच्या नवऱ्याचं, जरा करडं कार्ड आलं. तेव्हा अक्कानं डिंकाचे लाडू बांधले, गुटीची पुरचुंडी जुन्या लुगड्यात गुंडाळून दिली आणि नातवाचं तोंड पदरानं झाकून त्याला गाडीत ठेवलं. निरोपाचं बोलणं असं काही झालं नाही. अक्काला बोलवेना, आणि वासंतीला बोलायचं नव्हतं; बोलली असती तर रडू आलं असतं, आणि आईचं रडणं अंगावर पिणाऱ्या मुलाला बाधतं.

रस्त्याच्या दोन्ही अंगांना अफूची शेतं फुलली होती. पांढरी, मधूनच जांभळट. वाऱ्याबरोबर सगळं शेत एका बाजूला कलायचं आणि मग, उशिरानं आठवल्यासारखं, सरळ व्हायचं. बापू वाटेत शहाण्यासारखा वागला. इंदूरच्या मुक्कामी त्यानं धर्मशाळा डोक्यावर घेतली तेवढीच. नंतर देवासची टेकडी दिसू लागली तसा तो गप्प झाला. झोपला नव्हता. डोळे टक्क उघडे होते, पण हातपाय नाचवायचा थांबला होता. वासंतीला वाटलं, दमला असेल.

घराशी गाडी थांबली. नीलकंठ पुढं आला, तर गाडीवान जुवाखालून बैल सोडवत म्हणाला, "लो भिया, तमारी बाई आई गी. एकली थी, पण रस्ता में कंई तकलीफ नी हुई."

नीलकंठ हसला. वासंतीच्या कडेवर बोट दाखवून म्हणाला, "आणि हे कोण मग?"

गाडीवानानं पाहिलं. पुन्हा पाहिलं. पागोट्याच्या शेवानं डोळे पुसले. "हां," तो ओशाळून म्हणाला, "छोरो बी हे." दोन दिवस त्याच छोऱ्यासाठी त्यानं जागोजाग गाडी थांबवली होती, कडब्याची उशी करून दिली होती. वासंतीनं ते मनात ठेवलं आणि उंबरा ओलांडायच्या आधी बापूवरून भाकरतुकडा उतरून टाकला.

देवास ज्यानं पाहिलं नाही त्याला ते समजावून सांगणं अवघड. गाव एक, राज्यं दोन: थोरली पाती आणि धाकटी पाती. भावाभावांत वाटणी झाली तेव्हा शेतं वाटली, गल्ल्या वाटल्या, आणि बाजाराचा रस्ताही मधोमध वाटला. थोरल्या पातीचा झाडूवाला रस्त्याच्या मध्यापर्यंत झाडून केर पलीकडे लोटायचा. दुसऱ्या दिवशी धाकट्या पातीचा झाडूवाला तोच केर साभार परत करायचा. दोन्ही पात्यांचं मिळून एकच खातं होतं, आणि त्यात नीलकंठ ओव्हरसियर होता. ते खातं थिरावणीचं.

प्लेगच्या साली अख्खं गाव उठून माळावर झोपड्या घालून राहिलं होतं. परत आलं तेव्हा घरं होती तिथंच होती, पण गाव सैल झालं होतं. दुसरा शब्द कुणाला सुचला नाही. देवीच्या टेकडीवर दुपारची नौबत व्हायची आणि थोड्या वेळानं सकाळची व्हायची. सोनारगल्लीतली विहीर कुणी म्हणे लिंबाखाली, कुणी म्हणे पिंपळाखाली. पाहायला जावं तर ज्यानं आधी सांगितलं त्याची खरी ठरायची. एका घरी श्राद्धाच्या पंगतीला ज्याचं श्राद्ध तोच जेवून गेला, विडासुद्धा घेतला, आणि दुसऱ्या दिवशी तो गेलाय की आहे हे बायकोलाही नक्की सांगता येईना. सुरुवातीला लोक घाबरलेसुद्धा नाहीत. स्वप्नात माणूस कुठं घाबरतो? घाबरतो तो जागं होताना.

मग थिरावणी बसली. तिच्या यंत्राचे नकाशे नीलकंठाच्या आधीच्या साहेबानं आणले असं कचेरीत सांगत; ती आयती माळावर सापडली असं बाजारात सांगत. दोन पात्यांच्या ऐन हद्दीवर एक कोरडी पायऱ्यांची बावडी होती, तिच्यावर छप्पर घातलं. बावडीच्या तोंडाशी सागवानी मेज. मेजावर आडवं पितळी नळकांडं, त्याच्यावर मेणाचा जाड थर, मेणाशी पोलादी सुई आणि सुईला जोडलेला तांब्याचा कर्णा. नळकांड्याखालून एक साखळी सरळ बावडीत उतरायची आणि तिच्या टोकाला, तळापासून वितभर वर, शिशाचा भलाथोरला लंबक सावकाश झुलायचा. कर्ण्यात बोलायचं एकानं. समोर बसून हुंकार द्यायचा दुसऱ्यानं. नुसतं बोलणं चालू असेतो सुई मेणावर ओरखडे काढीत तरंगायची. समोरच्यानं "हूं" म्हटलं की ती खाली बुडायची, आणि तेवढा एक श्वासभर लंबक जागच्या जागी थांबायचा. जे बुडालं ते टिकलं.

सांगणारा थोरल्या पातीचा, हुंकार देणारा धाकट्या पातीचा, असा दंडक होता. कारण एका पातीचं म्हणणं दुसरीनं ऐकल्याशिवाय देवासात कुठलीच गोष्ट खरी होत नसे. सांगायला मोरोपंत होते, तपकिरीनं मिशा पिवळ्या पडलेले. रोज दुपारी बसून ते गाव सांगत: कुठली विहीर कुठं, कुठला पिंपळ कुणाचा, कोण आहे, कोण गेलं. नवं मूल जन्मलं की बाराव्या दिवशी आईनं स्वतः येऊन त्याची हकीकत सांगायची. त्याला गावात 'मूल थिरावणं' म्हणत.

बापू धारला जन्मला. म्हणून त्याला कुणी सांगितलंच नव्हतं.

हे वासंतीच्या लक्षात आलं ते एका दुपारी. सासूबाई बापूला न्हाऊ घालणार होत्या. तेलाची वाटी कोमट करून ठेवली होती, डाळीचं पीठ कालवलं होतं. वासंती परसात लंगोट वाळत घालून आत आली तर सासूबाई वाटीतलं तेल बुधल्यात परत ओतत होत्या.

"न्हाणं झालं?" वासंतीनं विचारलं.

"कुणाचं गं?" सासूबाई म्हणाल्या.

माजघरात पाळणा नव्हता. वर पाहिलं तर तो माळ्यावर होता, दोऱ्या गुंडाळलेल्या, आणि त्याच्यावर बोटभर धूळ. सासूबाईंनी तिच्या नजरेचा माग घेतला आणि मायेनं सांगितलं, की पाळणा आधीपासून काढून ठेवू नये, देवाच्या मनात येईल तेव्हा येईल. वासंती खांबाला धरून उभी राहिली. तिला काहीच आठवेना. आपण कशासाठी आत आलो, परसात काय करत होतो, कशासाठी घाबरलो. फक्त तिची चोळी भिजत होती. पान्हा दाटून वाहत होता आणि तो कुणासाठी ते तिच्या डोक्याला ठाऊक नव्हतं. अंगाला ठाऊक होतं.

मग पलीकडून बापू भुकेनं रडला. पाळणा कड्यांना टांगलेलाच होता. सासूबाई तेल पुन्हा वाटीत काढीत म्हणाल्या, "अगं उचल की त्याला, घसा सुकला पोराचा."

त्याच्या टाळूला ओल्या मातीचा वास येत होता, पाऊस नसताना.

त्या दिवसापासून तिनं त्याला खाली ठेवलं नाही. जुन्या लुगड्यानं पोटाशी बांधून ती स्वैपाक करी, केर काढी, पाणी भरी. तोंडानं एकसारखं चालू: हा बघ बापू, हा माझा बापू, बापू आता पेंगतोय. शेजारच्या बायका हसायच्या. प्रमोदिनी नावाची एक फटकळ शेजारीण म्हणाली, "काय हो वासंतीबाई, नवऱ्याचं नाव घ्यायला लाजता आणि लेकाचं जपमाळेसारखं?" वासंतीही हसली. हसताना बोलणं क्षणभर थांबलं, आणि तेवढ्यात पोटाशी बांधलेलं लुगडं सैल पडलं, आत काही नसल्यासारखं. तिनं पटकन नाव घेतलं. लुगडं पुन्हा भरलं. पण पहिल्याइतकं जड नाही.

नीलकंठ शास्त्र शिकलेला माणूस. त्याला तिनं रीतसर, पुराव्यानिशी सांगितलं: कधी गेला, किती वेळ, परत आला तेव्हा काय वेगळं होतं. त्यानं हसण्यावारी नेलं नाही. उलट त्याचा चेहरा पडला, कारण आदल्याच दिवशी कचेरीत कुणीतरी मुलाबाळांचं विचारलं तेव्हा त्यानं "अजून नाही" असं सांगितलं होतं, आणि संध्याकाळी घरी येऊन लंगोट पाहीपर्यंत त्याला त्यात काही चुकलंय असं वाटलं नव्हतं.

तरी वेळ लागलाच. मूल धारचं, तेव्हा ते कुठल्या पातीच्या परवानगीनं थिरावायचं? थोरली पाती म्हणाली, धाकटीनं आधी हरकत नाही म्हणावं. धाकटी म्हणाली, आमचा संबंध काय. फाल्गुन लागला. पळस पेटले. बापू दिवसेंदिवस हलका होत गेला. अंगानं नव्हे, गाल होते तसेच गुबगुबीत होते. पण त्याला उचललं की हात अंदाजापेक्षा वर जायचे, रिकामी घागर भरलेली समजून उचलल्यासारखे. अखेर मोरोपंतच दोन्ही दिवाणांकडे जाऊन बसले. म्हणाले, पोर उद्या नाहीसं झालं तर ते कुणाच्या हद्दीतून झालं याचा खल तुम्ही करत बसा, मी सांगणार नाही. दोन्हीकडून होकार आला.

नीलकंठानं तिला घरीच नीट समजावलं. खरं असेल तेच सांगायचं. सजवायचं नाही. झाकायचं नाही. एकदा बुडालेलं वर काढता येत नाही.

"मी काय खोटं सांगणार आहे माझ्या लेकाबद्दल?" वासंती म्हणाली.

दुपारचं ऊन बावडीच्या झरोक्यातून मेणावर पडत होतं. आत मेणाचा, तांब्याचा आणि खालच्या गार दगडाचा वास. बाळाच्या सांगण्याला पुरुषांनी बसायचं नाही असा प्रघात. मोरोपंतांनी नळकांड्याची चावी दिली, कर्णा वासंतीच्या तोंडाशी वळवला आणि ते बाहेर जाऊन बसले. नीलकंठ लंबकाकडे लक्ष द्यायला पायऱ्या उतरून तळाशी गेला. राहिल्या दोघी, आणि मांडीवर बापू.

हुंकाराला धाकट्या पातीच्या इंदिराबाई होत्या. लाल आलवणातल्या, किरकोळ अंगाच्या, वर्षानुवर्षं हेच काम करणाऱ्या. खरं काय, खोटं काय, हे हुंकार देणाऱ्यानं ठरवायचं नसतं. ऐकलं एवढंच म्हणायचं. ती सवय त्यांच्या हाडीमाशी अशी खिळली होती की कुणी नुसतं "आज ऊन आहे" म्हटलं तरी त्यांच्या तोंडून "हूं" निघायचं. चटईवर बसता बसता त्यांनी बापूकडे पाहिलं. बापूनंही त्यांच्याकडे पाहून बोळकं पसरलं. इंदिराबाईंचा चेहरा विरघळला.

"काय गोड मूल आहे हो तुमचं," त्या म्हणाल्या.

वासंतीनं पदर ओढून बापूचं तोंड झाकलं. तिची पहिली मुलगी अशीच कुणा बाईनं "गोड" म्हटल्यावर त्याच आठवड्यात माळावरच्या झोपडीत गेली होती. म्हणून बापूच्या वेळी अक्कानं जुनी रीत केली. मूल जन्मताच सुईणीच्या ओटीत घातलं आणि मग सूपभर कोंडा देऊन तिच्याकडून घेतलं. कोंड्याच्या मोलाचं पोर, ते काय कुणाच्या डोळ्यांवर यायचंय! धारला कुणीही कौतुक केलं की उत्तर ठरलेलं असे. अक्का ते देई, वासंतीही देई. महिनोन् महिने दिलेलं उत्तर. जिभेला विचार करावा लागतच नव्हता.

"माझं कुठलं हो," वासंती म्हणाली. "सुईणीचं पोर ते. सूपभर कोंड्यावर घेतलंय."

"हूं," इंदिराबाई म्हणाल्या.

पायांखालच्या दगडात काहीतरी थांबलं. एक श्वासभरच. मग खालून साखळीची बारीक कुरकुर पुन्हा सुरू झाली.

नळकांडं फिरत होतं.

दोघींनी एकमेकींकडे पाहिलं. इंदिराबाईंचे ओठ किंचित उघडे राहिले होते. वासंतीनं स्वतःला समजावलं: ते बोलणं झालं, सांगणं नव्हे. सांगणं आता सुरू होणार. तिनं कर्ण्याशी तोंड नेलं आणि सुरुवात केली.

तिनं सगळं सांगितलं. उजव्या कानामागचा तीळ. डोक्यावरचा भोवरा, जो डावीकडे वळतो. दूध पिताना एक मूठ तो आईच्या मंगळसूत्रात अडकवतो आणि दुसऱ्या हातानं स्वतःचाच कान ओढतो. शिंक यायच्या आधी नवल वाटल्यासारखा बघतो. झोपेत हसतो आणि हसण्यानंच जागा होऊन रडतो. रडण्याआधी खालचा ओठ पुढं काढून थोडा वेळ वाट बघतो, कुणी येतंय का. इंदिराबाई प्रत्येक वाक्याला हुंकार देत होत्या, खाली मान घालून. सुई बुडत होती. आणि वासंतीच्या मांडीवर, हुंकारागणिक, बापू जड होत होता. पाय मुंग्या येऊन बधिर झाले तेव्हा ती थांबली. इतकं सुख तिला कधी झालं नव्हतं.

उठताना इंदिराबाई हळूच म्हणाल्या, "आधीचं ते… यजमानांना सांगून ठेवा." पण नीलकंठ वर आला तो हसतच. लंबक इतका छान थांबलेला त्यानं कधी पाहिला नव्हता. वासंतीनं बापूला त्याच्या हातात दिलं.

घर ताळ्यावर आलं. पाळणा पुन्हा माळ्यावर गेला नाही, तेल बुधल्यात परत गेलं नाही. सासूबाईंनी शिरा केला. प्रमोदिनीनं टोपडं शिवून आणलं. बापू पालथा पडायला लागला. वासंतीनं त्याला पोटाशी बांधायचं सोडलं, आणि तिचं तिलाच नवल वाटलं की नाव न घेता दिवस जातो.

दूध मात्र त्याच दिवसापासून कमी झालं. सासूबाईंनी शतावरी दिली, अळिवाची खीर दिली, पाठ शेकली. काही उपयोग होईना. बापूला गाईचं दूध पळीनं पाजायची वेळ आली. एका सकाळी पाजताना सासूबाई सहज म्हणाल्या, "मी म्हणते, तुला मुळात दूध आलंच कसं गं? ऐकलं नव्हतं बाई असं. देवाची करणी."

वासंतीच्या हातातली पळी वाटीवर आपटली. "म्हणजे?"

"म्हणजे काय," सासूबाई म्हणाल्या, "पोटचं नसून."

त्यांच्या बोलण्यात खोट नव्हती. त्या बापूची हनुवटी पुसत होत्या, पहिल्याच मायेनं.

तिनं नीलकंठाला गाठलं. सासूबाईंना काहीतरी झालंय असं सांगू लागली. तो ऐकत राहिला, आणि ऐकता ऐकता त्याच्या डोळ्यांत जे आलं ते तिला ओळखू आलं. कीव होती ती. त्यानं दार लोटलं, तिला खाली बसवलं.

"लळा लावून घ्यायचा नाही असं ठरलं होतं ना आपलं?" तो म्हणाला. "सुईणीचं पोर. तिची ओढगस्त सरली की ती येणार, हे ठाऊक होतं तुला. आपली मुलगी गेल्यावर तुझ्या हाताला काही असावं म्हणून अक्कानं घेतलं."

"मी धारला कशाला गेले होते मग? बाळंतपणाला ना?"

"हवापालटाला," तो म्हणाला. अगदी हळू.

त्याच दुपारी तिनं त्याला बावडीवर नेलं. नळकांडं उलटं फिरवून सुई हलकी टेकवली की कर्ण्यातून पुन्हा ऐकू येतं. त्यानं तसं केलं. मेणातून तिचाच आवाज आला, बारीक, दुरून आल्यासारखा. माझं कुठलं हो. मग इंदिराबाईंचा हुंकार.

"बघ," नीलकंठ म्हणाला. "खरं तेच सांगितलंस तू. मला अभिमान वाटला होता तेव्हा."

तिनं कर्णा ओढून घेतला आणि त्यात ओरडून सांगितलं, की मूल माझं आहे, माझ्या पोटचं आहे, कळा मी दिल्या. सुई मेणावरून गुळगुळीत घसरली. ओरखडासुद्धा उठला नाही.

मेजाच्या खणात मेण खरवडायची पोलादी पट्टी होती. ती वासंतीनं पाहिली, आणि तिनं पाहिल्याचं नीलकंठानं पाहिलं. तो आडवा आला नाही. त्यानं एवढंच सांगितलं, की त्या दिवसाचा थर काढला तर त्या दिवशी जे जे सांगितलंय ते सगळं सुटेल. उदाजीरावांची नात त्याच दिवसाची. कुंभाराची जुळी त्याच दिवसाची. आणि बापूही. सुटलेलं परत धरता येतं का ते त्याला माहीत नव्हतं.

पट्टी गार होती. तिनं ती बराच वेळ हातात धरली. मग कुंभारणीची आठवण आली. सकाळीच ती दोन्ही खांद्यांवर दोघांना टाकून घाटावर चालली होती, आणि वासंतीला पाहून हसली होती. वासंतीनं पट्टी खणात ठेवून दिली.

आता एकच उरलं. धार. धारला थिरावणी नव्हती. तिथं कळा दिलेली खोली होती, अक्का होती. तिथं तिला कुणी हवापालटाला आली म्हणणार नव्हतं. तिनं सासूबाईंना सांगितलं, आईची तब्येत बरी नाही. गाडी ठरवली. रंगपंचमी झाली की दुसऱ्या दिवशी निघायचं. तोवर तिनं बापूला पुन्हा पोटाशी बांधलं. तो आता चांगलाच जड होता, आणि दुपार कलली की त्याची मान आपोआप दाराकडे वळायची.

रंगपंचमीला सगळं गाव रस्त्यावर आलं. दोन्ही पात्यांच्या पिचकाऱ्या हद्दीवरून एकमेकींवर चालल्या होत्या. नीलकंठ कचेरीतल्या मंडळींबरोबर गेला, सासूबाई प्रमोदिनीकडे. वासंतीनं दार लावून घेतलं आणि गाठोडं बांधायला बसली. टोपडी, लंगोट, गुटीची पुरचुंडी. बापू पुढ्यात सतरंजीवर पालथा पडून स्वतःच्या मुठीकडे बघत होता.

दारावर थाप पडली नाही. तरी तिनं वर पाहिलं.

दार उघडं होतं. उंबऱ्यापलीकडे एक बाई उभी होती.

वासंतीच्याच वयाची. मळकं लुगडं, कपाळावर गोंदलेलं. सगळा रस्ता लाल-गुलाबी झाला होता, पण तिच्या अंगावर रंगाचा एक थेंब नव्हता. पाय गुडघ्यांपर्यंत धुळीनं माखलेले. दोन्ही हातांत सूप होतं, काठोकाठ कोंड्यानं भरलेलं.

"बाई," ती म्हणाली, "म्हारो छोरो दई दो."

आवाज मऊ होता. दमलेला. भांडायला आलेला नव्हे.

"कोण तू?" वासंतीनं विचारलं. धारच्या सुईणीला ती ओळखत होती. ती म्हातारी होती, एका डोळ्यानं अधू. ही ती नव्हे. हिला तिनं जन्मात पाहिलं नव्हतं.

"धार से चाली ने आई हूं," बाई म्हणाली.

तिच्या चोळीवर दोन ओले डाग पसरत होते.

बापूनं मान उचलली. त्या बाईकडे पाहिलं. खालचा ओठ पुढं काढला, जरा वाट पाहिली, आणि मग रडला नाही. हसला.

वासंतीनं त्याला उचलून छातीशी आवळलं. तो माझा आहे, असं ती म्हणाली. तिनं ते म्हटलेलं तिला ऐकू आलं. पण शब्द कुठं टेकले नाहीत. उंबऱ्यावरून, बाईच्या चेहऱ्यावरून, बाहेरच्या कलकलाटावरून ते घसरत गेले.

बाई वाट बघत उभी राहिली. घाई नव्हती तिला.

बापूनं मंगळसूत्रातली मूठ सोडवली. एक बोट, मग दुसरं.

आपण त्याला दिला, असं वासंतीला नंतर कधीच आठवलं नाही. तो ओढून नेला, असंही आठवलं नाही. रस्त्यावरच्या रंगात एक कोरडी पाठ थोडा वेळ दिसत होती, खांद्यावर डाव्या भोवऱ्याचं डोकं. मग पिचकाऱ्यांची झड आली.

सासूबाई परतल्या तेव्हा केसांपर्यंत गुलाबी झाल्या होत्या. त्यांनी उघडं दार पाहिलं, बांधलेलं गाठोडं पाहिलं, आणि वासंतीला पाहिलं. ती भिंतीला टेकून बसली होती, सूप मांडीवर घेऊन.

"आली होती वाटतं," सासूबाई म्हणाल्या. "रिकाम्या हातांनी नाही आली हो, रीतीची होती. आण ते सूप इकडे. कोंडा गाईला घालू."

वासंतीनं मान हलवली. तिनं तोंडावर बोट ठेवलं.

तिचा उजवा हात कोंड्यावर हळूहळू थोपटत होता. कोंडा कोमट होता. थोपटणं जरा थांबलं की सुपाच्या तळाशी काहीतरी कूस बदलायचं, आणि ती पुन्हा थोपटू लागायची.